एव्हा देमार्चिकची एलपी, देवगडच्या पावसात

मित्राने पोलंडमधल्या क्राकुफहून आणलेली या पोलिश गायिकेची ही १९६७ ची एलपी परवा आजोबांच्या रेकॉर्ड प्लेअरवर लावली, खाऱ्या हवेने सुई गंजलेली ती आधी बदलली. बाई तिकडे पिव्नित्सा पोद बारानामी नावाच्या तळघरातल्या गाण्या-कवितांच्या कॅबरेत गायची, चाली झिग्मुंट कोन्येच्नीच्या, शब्द कवींचे. त्यातलं पावसाचं गाणं म्हणजे बाचिन्स्कीची कविता, तो १९४४ च्या नाझींविरुद्धच्या वॉर्सा उठावात २३ व्या वर्षी गेला. बाहेर पत्र्यावर धो धो आणि आत हा आवाज, अक्षर कळत नाही पण आई सुकट निवडताना थांबली, "हिचा कोण मेला रे?" १९९९ नंतर बाई स्टेजवर आलीच नाही, २०२० ला वारली. पाच स्टार. कव्हरला मात्र बुरशी धरते, प्लास्टिकात ठेवा.