गच्चीतल्या ड्रममध्ये जी-नाईन केळ : १८ महिन्यांचा अनुभव

दसऱ्याला भाऊ जळगावहून आला, तो जी-नाईन या केळीच्या जातीचं टिश्यूकल्चर (प्रयोगशाळेत वाढवलेलं) रोप घेऊनच. वीतभर असेल. मुलुंडला आमच्या गच्चीत सोसायटीला विचारून २०० लिटरचा ड्रम अर्धा कापला आणि त्यात लावलं. आता घड उतरवलाय, म्हणून लिहिते आहे.

ड्रम ठेवताना खाली बीम आहे ना, ते आधी बघा. ओल्या मातीसकट तो सव्वाशे किलोच्या पुढे जातो. केळीला पाणी लागतं, पण साचलेलं चालत नाही. जुलैत तळाची भोकं बुजली आणि खालची पानं पिवळी पडायला लागली. बाजूने, तळापासून दोन बोटं वर, चार भोकं पाडली तेव्हा निभावलं. आपण खोड म्हणतो ते एकात एक गुंडाळलेले पानांचे सोप असतात. खरं खोड मातीतला कंद, तो सडला की सगळं गेलं.

थंडी मात्र मी मनावर घेतली नव्हती. मुंबईत कसली थंडी! पण पारा १६ अंशांच्या खाली गेला की केळीची वाढ जवळजवळ थांबते आणि जानेवारीत आमच्याकडे पहाटे तेवढा गारठा असतो. उन्हाळ्यात आठवड्याला एक पान यायचं, थंडीत तीन आठवड्यांत एक. नेमकी माझी केळ डिसेंबरात निसवली, म्हणजे केळफूल बाहेर पडायला लागलं. ते अर्धं बाहेर येऊन अडकलं. थंडीने अडकलंय, हे भावाने फोनवर ऐकूनच ओळखलं. जळगावला रात्री पारा १० च्या खाली उतरतो, तेव्हा तिकडे केळीच्या बागेला रात्रीचं पाणी देतात, बांधावर धूर करतात. मी रोज संध्याकाळी पाणी दिलं, बुंध्याशी वाळक्या पानांचा जाड थर केला, घडाभोवती जुनं धोतर गुंडाळलं. दांडा हळूहळू सुटला, पण घड भरायला चार महिने लागले.

पाच फण्या, ५८ केळी. बाजारातल्यापेक्षा आखूड, पण गोडीला उत्तम. केळफुलाची भाजी वेगळीच. नैवेद्याला पान हवं तर उलगडल्याच्या दुसऱ्या दिवशीच कापा, गच्चीतला वारा त्याच्या चिंध्या करतो. म्हणूनच पुन्हा लावेन तर ठेंगणी बसराई जात आणि मृगबागेसारखी (मृग नक्षत्रात लावतात ती बाग) जूनमध्ये, म्हणजे पुढच्या पावसाळ्यातच निसवेल.

मुनवे, म्हणजे कंदातून फुटणारी पिलं, सहा फुटले होते. तलवारीसारख्या अरुंद पानांचा एक ठेवला, बाकीचे काढले. तो आता कमरेएवढा झालाय.