मक्याचा फनेल सापळा: नरसाळं दणकट, पिशवी कच्ची

कोल्हापुरात कृषी सेवा केंद्रात लष्करी अळीचा कामगंध सापळा मागितला की बहुधा हाच मिळतो: वर झाकण, खाली नरसाळं, त्याला लांब पातळ पिशवी आणि झाकणाखाली ल्युअर (नर पतंगाला ओढणारी मादीच्या वासाची गोळी) अडकवायची खाच. झाकण-नरसाळ्याबद्दल तक्रार नाही. पिशवीचं मात्र काही खरं नाही. जुलैच्या झडीत तिच्यात पाणी साठतं, पतंग कुजतात आणि ओळखायला काही उरत नाही. बसवतानाच तळाला दाभणाने चार-पाच बारीक भोकं पाडा. काठीला ग्रीस लावलं नाही तर सापडलेले पतंग मुंग्या नेतात.

ल्युअरच्या पाकिटावर ‘स्पोडोप्टेरा फ्रुजिपर्डा’, म्हणजे मक्यावरच्या लष्करी अळीचं शास्त्रीय नाव, लिहिलेलं हवं. पुष्कळदा ‘लिट्युरा’चं, म्हणजे तंबाखू-सोयाबीनवरच्या अळीचं ल्युअर माथी मारलं जातं. बोलताना दोन्ही लष्करी अळ्याच, त्यामुळे घोळ होतो. ल्युअर उघड्या हाताने, त्यातही तंबाखू मळलेल्या हाताने, धरू नये. साधारण महिन्याने बदलावं आणि जुनं रानात टाकू नये.

मक्यावरच्या या अळीच्या पतंगाचे पंख पसरून 32 ते 40 मिमी भरतात. नराच्या करड्या-तपकिरी पुढच्या पंखाच्या टोकाशी पांढरा त्रिकोणी ठिपका असतो. मागचे पंख रुपेरी, कडेला बारीक काळपट रेघ. रात्रभर पिशवीत फडफडून खवले झडतात आणि नेमका हा ठिपका पुसतो. त्यामुळे सापळा सकाळी लवकर बघावा. मादीवर अशी ठळक खूण नसते, पण ती या वासाला येतच नाही.

‘सापळा लावला की फवारणी वाचली’ हे म्हणूनच खरं नाही. मादी अंडी घालतच राहते, एका पुंजक्यात शे-दोनशे, वर करड्या केसांचं आवरण. पाहणीसाठी एकरी 4 ते 5 सापळे पिकाच्या शेंड्याच्या फूटभर वर बांधावेत आणि पीक वाढेल तसे वर सरकवावेत. सापळ्यामागे रोज एक पतंग यायला लागला की पोंगे (मक्याच्या शेंड्याची गुंडाळलेली कोवळी पानं) तपासायला घ्यावेत. अंडी दोन-तीन दिवसांत फुटतात. सामूहिक पकडीसाठी एकरी 15 लागतात, तेही शेजारच्यांनी लावले तरच उपयोग. हा पतंग एका रात्रीत 100 किमीपर्यंत जाऊ शकतो, बांध त्याला काय अडवणार?

मूळचा अमेरिका खंडातला, 2016 मध्ये आफ्रिकेत आणि 2018 मध्ये कर्नाटकातून भारतात नोंदला गेला. कडाक्याच्या थंडीत तो टिकत नाही, पण आपल्याकडे तशी थंडी पडतच नाही. चाऱ्याचा मका बारमाही असेल तर सापळा खरिपानंतर काढून ठेवू नका.