याम खाय दावसाठी फिश सॉस कुठला घ्यायचा? मेगाशेफ आणि स्क्विड, दोन्ही वापरून लिहिलेला रिव्ह्यू

आधी निकाल सांगून टाकते. घरात एकच बाटली ठेवायची असेल आणि त्यात कप्राव (तुळशीच्या पानांचं तिखट परतलेलं मांस), फ्राइड राइस, तोम याम (आंबट तिखट सूप) सगळंच करायचं असेल तर स्क्विड ब्रँड घ्या, स्वस्त आहे, कुठेही मिळतो आणि शिजवायला एकदम चांगला. पण याम खाय दाव, म्हणजे कुरकुरीत तळलेल्या अंड्यांचं ते तिखट आंबट सॅलड, तुमच्याकडे वरचेवर होणार असेल तर मेगाशेफ घ्या, जास्तीचे पैसे वसूल होतात.

कारण साधं आहे, या पदार्थात फिश सॉस शिजतच नाही. कप्रावमध्ये तो तापलेल्या कढईत पडतो, त्याचा उग्र वास उडून जातो, मागे नुसती चव राहते, त्यामुळे ब्रँड कुठलाही असला तरी फारसा फरक पडत नाही. याममध्ये मात्र तो लिंबाच्या रसात, साखरेत आणि मिरचीत कच्चाच मिसळायचा आणि थेट ताटात. जी बाटली उघडाल तीच जिभेवर येणार, मध्ये लपवायला काही नाही.

मी बँकॉकमध्ये राहते, इथे सुपरमार्केटमध्ये फिश सॉसचा अख्खा रॅक असतो आणि भारतातून आलेलं आपलं माणूस त्याच्यासमोर गोंधळून उभं राहतं, म्हणून हे जरा सविस्तर लिहितेय. फिश सॉस म्हणजे काय तर मुळात छोटे मासे आणि मीठ. मासे आपल्या मांदेलीच्याच घराण्यातले, इथे त्यांना प्ला कताक म्हणतात, थायलंडच्या आखातातून येतात, आणि चोनबुरी, रायोंग, समुत सोंगख्राम या किनाऱ्याकडच्या प्रांतांत हे कारखाने आहेत. मासे नि मीठ टाक्यांमध्ये साधारण वर्ष दीड वर्ष मुरत ठेवतात, माशातल्या प्रोटीनचं हळूहळू पाणी होतं आणि ते लालसर पाणी खालून काढून घेतात. पहिल्यांदा निघतं ते उत्तम, नंतर त्याच माशांवर परत मिठाचं पाणी घालून काढतात ते कमी दर्जाचं.

म्हणून बाटली घेताना एक गोष्ट बघायचीच, लेबलवर 'नाम प्ला थे' असं लिहिलेलं असलं पाहिजे, म्हणजे अस्सल. 'नाम प्ला फसोम' असेल तर ती मिसळलेली, ती सॅलडसाठी घेऊ नका. थायलंडच्या सरकारी मानकात अस्सलमध्येही दोन दर्जे आहेत, पहिल्या दर्जात लिटरला किमान 20 ग्रॅम नायट्रोजन लागतं आणि दुसऱ्यात 15. नायट्रोजन जितकं जास्त तितका सॉस माशाचा, नाहीतर नुसता खारट. थाय वाचता येत नसेल तर दुकानातल्या माणसाला विचारा, इथले लोक खूप आपुलकीने दाखवतात, आणि एक्सपोर्टच्या बाटल्यांवर इंग्रजीत घटक असतातच, त्यात मासा पहिला पाहिजे.

आता दोन्ही बाटल्या. पांढऱ्या बशीत दोन्हीचा एकेक चमचा शेजारी शेजारी ओतला की फरक नुसत्या नाकाला कळतो. स्क्विडचा वास लगेच अंगावर येतो, सुकट भाजताना शेजारच्या घरापर्यंत जातो ना तसा, आणि जिभेवर आधी मीठ लागतं, माशाची चव मागून येते. मेगाशेफचा वास मऊ आहे, चवही आधी भरीव लागते, किंचित गोडसर, आणि मीठ शेवटी. दोघांतही थोडी साखर असते, ती लेबलवर लिहिलेली आहे, त्यामुळे वरून पाम शुगर घालताना हात जरा आखडता ठेवायचा. आणि अ‍ॅलर्जीवाल्यांसाठी, स्क्विडच्या लेबलवर म्हाकुलाचं चित्र असलं तरी आत म्हाकूळ नसतो, तो फक्त ब्रँड आहे, आतमध्ये छोटे मासेच.

सॅलडमध्ये घातल्यावर काय होतं ते महत्त्वाचं. स्क्विडने केलेलं याम खाय दाव वाईट अजिबात लागत नाही, रस्त्यावरच्या स्टॉलवर नि खाव तोमच्या दुकानात (तांदळाची पातळ पेज आणि सोबत दहा पंधरा तऱ्हेच्या छोट्या डिशेस, बहुतेक रात्री चालणारी दुकानं) बऱ्याचदा असाच दणदणीत खारटपणा असतो आणि पेजेबरोबर तो हवासाच वाटतो, कारण पेजेत मीठ नसतं. पण घरी नुसतं सॅलड म्हणून खाताना किंवा कमी भात घेताना तो मिठाचा ठोसा जास्त होतो, मग आपण लिंबू वाढवतो, मग साखर वाढवतो, आणि शेवटी वाटीभर ड्रेसिंगमध्ये अंडी पोहायला लागतात. मेगाशेफने हे होत नाही. दोन चमचे घातले तरी चव तोल धरून राहते, आणि लिंबाचा वास वर येतो, जो या पदार्थाचा जीव आहे.

माझं प्रमाण देते, दोन माणसांसाठी, तीन अंडी. एका वाटीत मेगाशेफ दीड टेबलस्पून (स्क्विड असेल तर एकच आणि मग चाखून बघत), त्यात पाम शुगर दोन टीस्पून आधी विरघळवून घ्यायची, आधीच, नाहीतर गुठळी तळाला राहते. मग ताज्या लिंबाचा रस दोन टेबलस्पून. थाय मनाव म्हणजे आपलं कागदी लिंबूच, त्यामुळे पुण्यात काय नि रत्नागिरीत काय, या बाबतीत कुणाचं काही अडत नाही, बाटलीतला लिंबूरस मात्र चालणार नाही. इथे मार्च एप्रिलच्या उन्हाळ्यात लिंबं महाग होतात आणि तरी लोक याममध्ये कंजूषी करत नाहीत. लसणाच्या दोन पाकळ्या आणि मिरच्या खलात नुसत्या ठेचायच्या, वाटायच्या नाहीत. मिरची इथली प्रिक खी नू, बोटाच्या पेराएवढी, आपल्याकडे लवंगी घ्या. तीन म्हणजे मध्यम, पाच म्हणजे डोळ्यांत पाणी.

भाजीत पातळ उभा चिरलेला कांदा किंवा छोटे लाल कांदे, टोमॅटोच्या फोडी आणि इथली खुन चाय नावाची बारीक देठांची सेलरी, देठ नि पानं दोन्ही. ती नसेल तर कोथिंबिरीचे देठ आणि असेल तर साध्या सेलरीची कोवळी पानं, पण जाड सेलरीचे तुकडे नकोत, ते चावत बसावे लागतात आणि अंड्याची मजा जाते. कोणी कोणी गाजराचा कीस घालतं, कोणी काजू, कोणी कोळंबी नि खिमा, मला ते जास्तीचं वाटतं, अंडं इथे मुख्य आहे आणि ते मुख्यच राहू द्यावं.

आणि अंडं. इथे सगळ्यात जास्त लक्ष द्या, कारण सॉस कितीही भारी आणला आणि अंडं आपल्या हाफ फ्रायसारखं मऊ केलं तर हा पदार्थच होत नाही. कढई हवी, सपाट तवा नको, आणि तेल भरपूर, तळाला निदान बोटाच्या एका पेराएवढं खोल. शेंगदाण्याचं फिल्टर तेल स्वतःचा वास आणतं, म्हणून सनफ्लॉवर किंवा राइस ब्रान बरं. तेल इतकं तापू द्या की कांद्याचा तुकडा टाकला तर लगेच तडतडत वर यावा. अंडं आधी छोट्या वाटीत फोडून घ्यायचं आणि वाटी तेलाच्या अगदी जवळ नेऊन कडेने सोडायचं, वरून टाकलं तर तेल अंगावर उडतं. पडल्या पडल्या पांढरा भाग फसफसून फुगतो, मोठे मोठे बुडबुडे येतात, आवाज मोठा होतो, घाबरून गॅस बारीक करू नका, तिथेच सगळं बिघडतं. चमच्याने तेच गरम तेल पांढऱ्यावर वरून ओतत राहायचं, पिवळ्यावर नाही, आणि मिनिटभरात कडेला तपकिरी जाळी पडायला लागते. ती जाळीच खायची असते. पिवळं मला अर्धवट घट्ट आवडतं, मधे जरासं मऊ, कारण अगदी पातळ ठेवलं तर कापताना वाहून जातं आणि ड्रेसिंग गढूळ होतं. एका वेळी एकच अंडं, झाऱ्याने काढून जाळीवर ठेवा, टिश्यूवर ठेवलं तर खालची बाजू वाफेने नरम पडते.

मग एकेका अंड्याचे कात्रीने चार तुकडे. आधी कांदा टोमॅटो ड्रेसिंगमध्ये उलटसुलट करायचे, अंडी सगळ्यात शेवटी, दोनदा हलकेच खालीवर केलं की झालं, आणि लगेच जेवायला बसायचं, फोन आला तरी नंतर घ्या. पाच मिनिटांनी जाळी ड्रेसिंग पिऊन मऊ होते. मऊ झालेलंही भाताबरोबर चांगलं लागतं, नाही असं नाही, पण पहिल्या घासाला जो कुर्रर आवाज येतो आणि लगेच मागून लिंबू, मीठ, मिरची येते त्याची सर त्याला नाही.

मेगाशेफबद्दल तक्रार म्हणाल तर एकच, किंमत. स्क्विडपेक्षा महाग आहे आणि घरात रोज थाय शिजत असेल तर बाटली पटकन संपते, म्हणून मी दोन्ही ठेवते, कढईसाठी स्क्विड, कच्च्यासाठी मेगाशेफ. कच्च्यासाठी म्हणजे याम, सोम ताम (कच्च्या पपईचं सॅलड), आणि इथल्या प्रत्येक टेबलावर असते ती प्रिक नाम प्ला, फिश सॉसमध्ये मिरचीचे काप नि थोडं लिंबू. नुसत्या गरम भातावर साधं तळलेलं अंडं आणि वर एक चमचा प्रिक नाम प्ला, आळशी रात्रीचं जेवण यापेक्षा चांगलं मला माहीत नाही.

भारतात घेणार असाल तर मोठ्या सुपरमार्केटमध्ये नि ऑनलाइन थाय फिश सॉस मिळतो, किंमत इथल्यापेक्षा बरीच जास्त लावतात, तेव्हा मोठी बाटली घेण्यापेक्षा छोटी घ्या. मीठ इतकं असतं की तो सहज खराब होत नाही, पण उघडून महिनोन्‌महिने बाहेर ठेवला की रंग काळपट होतो आणि वास उग्र होत जातो, म्हणून उघडल्यावर फ्रिजमध्ये. झाकणाशी मिठाचे खडे जमतात ते पुसून टाका, काही बिघडलेलं नसतं. काचेचीच बाटली घ्या.

पाम शुगर नाही मिळाली तर गूळ चालतो, पण पिवळा, फिका, आणि प्रमाण थोडं कमी. गोव्यातला माडाचा गूळ चवीला फार जवळ जातो, नारळाच्याच झाडाचा ना, फक्त ड्रेसिंग काळं दिसतं, घरच्यांना चालत असेल तर बिनधास्त घाला.

ब्लड प्रेशरवाल्यांनी मात्र खरंच सांभाळून. एका टेबलस्पून फिश सॉसमध्ये साधारण 1400 मिलिग्रॅम सोडियम असतं आणि डब्ल्यूएचओच्या हिशोबाने दिवसभराची मर्यादा 2000 पेक्षा कमी. माझ्या सासूबाई येतात तेव्हा मी सॉस निम्मा करते, लिंबू नि लसूण वाढवते, त्यांना तेवढंच आवडतं. कमी सोडियमवाल्या बाटल्याही आता इथे मिळतात, पण सॅलडमध्ये त्या जरा फिक्या वाटल्या मला.

अंडं चालतं पण मासा नको अशी बरीच घरं आहेत आपल्याकडे, त्यांच्यासाठी थाय लाइट सोया सॉस घ्या, हेल्दी बॉय ब्रँडचा चांगला आहे, चायनीजवाला डार्क सोया नको. चव वेगळी होते, माशाची ती खोली येत नाही, पण लिंबू मिरची नि कुरकुरीत अंडं तेच राहतं आणि तेही चाटूनपुसून संपतं.

मेगाशेफ, याम खाय दावसाठी: पाचपैकी साडेचार, अर्धा किमतीसाठी कापला. स्क्विड, याच पदार्थासाठी: तीन. कढईतल्या बाकी सगळ्या स्वयंपाकासाठी स्क्विडलाही साडेचार देईन.