संकलकासाठी डिस्क घ्यायची तर 'टॅक्सी ड्रायव्हर'ची

वर्तमानपत्राचा तो संपादक आणि सिनेमाचा तो संकलक, हा फरक मराठीत शब्दातच आहे. हॉलिवूडचे टॉम रॉल्फ यातल्या दुसऱ्या प्रकारातले. त्यांचे संकलन डिस्कवर पाहून शिकायचे तर कोणता चित्रपट घ्यावा, त्याचे हे उत्तर. जन्म स्टॉकहोमचा, १९३१ चा. वडील अर्न्स्ट रॉल्फ स्वीडनच्या रंगमंचावरचे बडे नाव; ते १९३२ मध्येच गेले. आई तुता रॉल्फ तिशीच्या दशकातली पडद्यावरची तारका. 'स्वेडेनहिल्म्स'मध्ये ती तरुण इन्ग्रिड बर्गमनसोबत होती आणि १९३५ मध्ये हॉलिवूडमध्येही एक चित्रपट करून आली. मुलाने मात्र कॅमेऱ्यापुढची नव्हे, संकलनाच्या टेबलामागची जागा घेतली.

रॉल्फ यांना ऑस्कर मिळाले ते 'द राइट स्टफ'साठी (१९८३), म्हणून बहुतेक जण आधी तीच डिस्क घेतात. चित्रपट उत्तम आहे, पण श्रेयात पाच संकलक आहेत आणि लांबी १९३ मिनिटे. शेवटाकडे वैमानिक येगरचे विमान आणि नर्तकी सॅली रँडचा पिसांच्या पंख्यांचा नाच आलटून-पालटून येतात, तेवढा भाग जरूर पाहावा. यातला कुठला कट रॉल्फ यांचा, हे मात्र डिस्क बघून सांगता येणार नाही. त्यांच्या 'हीट'चेही तेच: चार संकलक, १७० मिनिटे.

'टॅक्सी ड्रायव्हर' (१९७६) ११४ मिनिटांचा. संकलक टॉम रॉल्फ आणि मेल्विन शपिरो, वर देखरेख मार्शा लुकस यांची. हातांची गर्दी इथेही आहे, पण शिकायला तीन जागा पुरेशा.

पहिली, सुरुवातीची. चित्रपटाचा नायक, टॅक्सीचालक ट्रॅव्हिस, टॅक्सीच्या गॅरेजमधून निघून रस्त्याने चालतो आणि त्याच शॉटमध्ये डिझॉल्व्ह होऊन, म्हणजे एक चित्र विरत दुसरे उमटून, थोडा पुढे निघतो. मधली पावले गेली, तरी तो कुठे पोहोचला असे वाटत नाही. फिल्मच्या काळात असा डिझॉल्व्ह टेबलावर दिसायचाच नाही. वर्कप्रिंटवर, म्हणजे संकलनासाठीच्या कामचलाऊ प्रतीवर, मेणाच्या पेन्सिलीने खूण करायची आणि लॅबकडून करून आणायचा. ३५ मिमीच्या एका फुटात १६ फ्रेम आणि सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे दोन सेकंदांचा डिझॉल्व्ह तीन फुटांचा.

दुसरी, आरशाच्या प्रसंगातली. ट्रॅव्हिस वळतो, त्याच्याच आवाजातले वाक्य मध्येच तुटते, आणि तेच वळणे, तेच वाक्य पुन्हा सुरू होते. नवखा संकलक ही चूक समजून काढून टाकेल. इथे ती ठेवली आहे, म्हणून माणसाचे डोके अडकल्यासारखे वाटते.

तिसरी, गोळीबारानंतर छतावरून सावकाश सरकणारा शॉट. इतक्या कटांनंतर कट न करणे, हाच इथला निर्णय. या भागाचा फिकट रंग डिस्कचा दोष समजून परत करू नका. प्रदर्शनाच्या प्रमाणपत्रासाठी रक्ताचा लाल तेव्हाच उतरवला होता आणि २०११ च्या डागडुजीतही तो तसाच ठेवला आहे.

आता घरातली अडचण. टीव्हीतले 'मोशन स्मूदिंग' बंद करा. ते चालू असले की टीव्ही कॅमेऱ्याने न टिपलेल्या फ्रेम मध्ये घुसवतो आणि कटाची धार बोथट होते. प्लेअरचे आउटपुट सेकंदाला २४ फ्रेमवर ठेवा. ६० वर एक फ्रेम तीनदा, पुढची दोनदा दिसते, म्हणून छतावरचा शॉट बारीक हिसके देत सरकतो. दोष संकलकाच्या माथी जातो. मग आवाज बंद करून प्रसंग पाहा, प्रत्येक कटाला बोटाने टेबलावर टिचकी मारा. दुसऱ्या खेपेला आवाज लावा: संवाद कुठे चित्राच्या आधी येतो, ते तेव्हाच पकडता येते. प्लेअरला फ्रेम-फ्रेम पुढे जायचे बटण नसेल तर या खटाटोपातली अर्धी मजा गेली.

घेण्याआधी वेष्टणावरचे प्रदेशाचे अक्षर पाहा. भारत ब्ल्यू-रेच्या 'सी'मध्ये, अमेरिका 'ए'मध्ये; फोर-के डिस्कला ही भानगड नाही, पण प्लेअर फोर-केचाच लागतो. २०११ च्या ब्ल्यू-रेवर दिग्दर्शक स्कॉर्सेसी आणि पटकथाकार श्रेडर यांचे जुन्या लेझर डिस्कसाठी १९८६ मध्ये केलेले भाष्य आहे. ते आवर्जून ऐकावे, पण तिन्ही जागांवर टिचक्या मारून झाल्यावर. आधी ऐकले तर आपले डोळे त्यांच्याच बोटाकडे वळतात.