वाहनचोरीचा दावा फेटाळला: विमा लोकपाल की ग्राहक आयोग?

कुठे दाद मागायची हे ठरवण्याआधी नकाराचं पत्र नीट वाचा. त्यात कारण काय दिलंय, यावर पुढचं बरंच अवलंबून असतं.

‘पॉलिसीतील अट क्रमांक १ चा भंग, कंपनीला उशिरा कळवले’ हे नेहमीचं कारण. एफआयआर लगेच नोंदवला असेल तर तुमची बाजू भक्कम आहे. गुरशिंदर सिंग प्रकरणात ट्रॅक्टर चोरीला गेला, एफआयआर त्याच दिवशी झाला, कंपनीला मात्र ५२ दिवसांनी कळवलं गेलं. तेवढ्या कारणावरून खरा दावा नाकारता येणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२० मध्ये स्पष्ट केलं. चावी गाडीतच राहिली असेल, तर दाव्याच्या ७५ टक्के रक्कम मंजूर करणारे निकाल आहेत. मात्र तात्पुरती नोंदणी संपलेली गाडी रस्त्यावर आणली आणि ती चोरीला गेली, तर २०२१ चा निकाल विमाधारकाच्या विरोधात आहे. अशा प्रकरणात फार आशा धरू नका.

आधी कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे लेखी तक्रार करा आणि पोच घ्या. विमा लोकपालाकडे, म्हणजे विमा कंपन्यांविरुद्धच्या तक्रारींवर निवाडा देणाऱ्या यंत्रणेकडे जायचं तर ही पायरी चुकत नाही. महिनाभरात उत्तर आलं नाही किंवा पुन्हा नकारच आला, की तो रस्ता मोकळा होतो. विमा नियामकाच्या ‘बीमा भरोसा’ पोर्टलवरही तक्रार टाकता येते. त्यामुळे कंपनी फाईल पुन्हा उघडते, पण तिथे निवाडा होत नाही.

विमा लोकपालाकडे शुल्क नाही आणि वकील चालत नाही, तुम्हीच बोलायचं. कंपनीने अंतिम नकार दिल्यापासून एका वर्षात अर्ज करावा लागतो आणि ५० लाखांपर्यंतची भरपाई देता येते. निवाडा कंपनीवर बंधनकारक असतो, तुमच्यावर नाही. पटला नाही तर ग्राहक आयोग आहेच. उणीव अशी की इथे साक्षी-उलटतपासणी होत नाही. ‘चोरी झालीच नाही’ असा कंपनीचा आरोप असेल तर हे व्यासपीठ अपुरं पडतं. मनस्तापाची भरपाईही इथे धरू नका. मोठ्या कंपनीच्या नावावरच्या गाडीला हा मार्ग सहसा उपलब्ध नसतो.

जिल्हा ग्राहक आयोगाचा आवाका मोठा. आयडीव्हीनुसार (पॉलिसीत नोंदवलेल्या गाडीच्या किमतीनुसार) रक्कम, व्याज, मानसिक त्रासाची भरपाई, खर्च, सगळं एकाच तक्रारीत मागता येतं. २०१९ च्या कायद्यामुळे तुम्ही राहता किंवा काम करता त्या जिल्ह्यातच तक्रार करता येते. विमा कंपनीचं मुख्यालय गाठायची गरज नाही. अधिकारक्षेत्र गाडीच्या किमतीवर नाही, तर भरलेल्या विमा हप्त्यावर ठरतं, म्हणून बहुतेक प्रकरणं जिल्ह्यातच राहतात आणि ५ लाखांपर्यंतच्या हप्त्याला शुल्कही नाही. वकील सक्तीचा नाही, पण वस्तुस्थितीचा वाद असेल तर घ्याच. खरी अडचण वेळेची. कायद्यात काही महिन्यांत निकाल अपेक्षित आहे, प्रत्यक्षात तारखा लांबतात, आणि वर कंपनी अपिलात गेली तर थांबणं आणखी वाढतं. अर्थात, अपील करायचं तर तिला निम्मी रक्कम आधी जमा करावी लागते.

दिवाणी दाव्याला मुदत तीन वर्षांची, पण कोर्ट फी आणि काळ पाहता सामान्य गाडीमालकाला मी तो सुचवणार नाही. ग्राहक आयोगाची मुदत चुकली असेल, तरच त्याचा विचार करा.

माझं मत असं: नकार उशीर, चावी, कागदपत्रं अशा कारणांवर असेल तर आधी लोकपाल. हरलात तरी खर्च नाही. कंपनीने तुमच्यावर खोटेपणाचा आरोप केला असेल तर थेट ग्राहक आयोग. दोन्हीकडे एकाच वेळी मात्र जाऊ नका. आयोगात प्रकरण चालू असताना लोकपाल अर्ज घेत नाहीत. आणि आयोगाची दोन वर्षांची मुदत नकाराच्या पत्राच्या तारखेपासूनच मोजा. कंपनीला पुन्हा पुन्हा ईमेल पाठवल्याने ती वाढत नाही, आणि उशीर माफ होईलच याची खात्री नसते.