प्रो टूल्स स्टुडिओ: पार्श्वसंगीत कापणाऱ्यांच्या किती कामाचं?

प्रो टूल्स हे ध्वनी रेकॉर्ड आणि एडिट करायचं सॉफ्टवेअर, स्टुडिओ ही त्याची मधली आवृत्ती. चाली बांधायला ते घेऊ नका. त्यासाठी लॉजिक नाहीतर क्यूबेस बरं. पण तयार पार्श्वसंगीत चित्रावर बसवणं आणि एडिट बदलला की तेच पुन्हा बसवणं हे काम असेल, तर याच्याइतकं सोयीचं दुसरं काही नाही.

पहिलं श्रेय स्पॉट मोडला, म्हणजे क्लिप नेमक्या वेळेवर नेऊन बसवण्याच्या सोयीला. संगीतकाराच्या वेव्ह फाइलीत टाइमस्टॅम्प (मूळ जागेच्या वेळेची नोंद) असेल, तर क्लिपवर क्लिक करून मूळ टाइमस्टॅम्प निवडायचा. स्टेम, म्हणजे वाद्यगटांचे वेगवेगळे ट्रॅक, जागच्या जागी बसतात. स्टॅम्प नसेल, तर पहिल्या फ्रेमच्या २ सेकंद आधीचा पॉप, म्हणजे खुणेचा छोटा बीप, जुळवायचा. संगीत सेकंदाला २४ फ्रेमच्या चित्रावर बांधलेलं आणि फायनल २३.९७६ची असेल, तर तासाला ३.६ सेकंदांचा फरक पडतो. सुरुवात जुळलेली दिसते, म्हणून हे उशिरा लक्षात येतं.

कर्सर पुढच्या ठोक्यावर नेणारं 'टॅब टू ट्रान्झियंट' तबल्यावर झकास चालतं, कर्सर थेट 'धा'वर जातो. सारंगीच्या मींडेवर मात्र ते कुचकामी. तिथे कानच लागतो.

खरी परीक्षा सीन छोटा झाल्यावर. समजा २५ फ्रेमची मालिका, १२० बीपीएमचा (मिनिटाला १२० मात्रा) केहरवा. एक मात्रा अर्ध्या सेकंदाची, म्हणजे साडेबारा फ्रेमची. सीन ३ सेकंदांनी कापला गेला. सहा मात्रा काढल्या की हिशेब जुळतो, पण सम (आवर्तनाची पहिली मात्रा) हलते आणि ऐकणाऱ्याला ठेच लागते. त्याऐवजी आठ मात्रांचं अख्खं आवर्तन, म्हणजे ४ सेकंद काढा आणि संगीत २५ फ्रेम उशिरा सुरू करा. कापाच्या आधी एखाद्या नजरेवर सूर पडत असेल, तर हे चालणार नाही. मग कापापाशी तानपुरा सेकंदभर लांबवा. क्रॉसफेड (एक तुकडा विरत दुसरा वर येतो तो जोड) समेच्या ठोक्याआधीच संपवा, ५ ते १० मिलिसेकंदांचा पुरतो. दोन वेगळे तुकडे जोडताना 'इक्वल पॉवर' प्रकारचा क्रॉसफेड घ्या, नाहीतर मध्येच आवाज बसतो.

इलॅस्टिक ऑडिओ, म्हणजे सूर न बदलता लय ताणायची-आवळायची सोय, जपून वापरा. त्यातला पॉलिफोनिक प्रकार तबल्याची धार घालवतो, म्हणून तबल्याच्या स्टेमला ऱ्हिदमिक. डग्ग्याचा घुमारा तुटक वाटला, तर डिके रेट (ठोक्यानंतरचा आवाज किती टिकतो ते) वाढवा.

शफल मोड हा तर सापळाच. एक क्लिप पुसली की त्या ट्रॅकवरचं पुढचं सगळं मागे सरकतं आणि सिंक जातो. मॅकवर कमांड धरून शफलच्या बटणावर क्लिक केलं की तो कुलूपबंद होतो. सेशन उघडल्यावर हे आधी करा.

क्यू शीट, म्हणजे कुठे कोणतं संगीत किती वेळ वाजलं याची यादी, आपोआप बनत नाही. क्लिपना १एम१, १एम२ (पहिल्या रिळातला पहिला, दुसरा तुकडा) अशी नावं दिलीत, तर सेशनची माहिती टेक्स्टमध्ये काढून ती लवकर भरता येते. आयपीआरएस या गीतकार-संगीतकारांच्या संस्थेच्या रॉयल्टीचा हिशेब याच कागदावर, त्यामुळे आळस नको.

आर्टिस्ट ही खालची आवृत्ती घेऊन पैसे वाचणार नाहीत. आठ स्टेमचे लागोपाठचे तुकडे ए-बी अशा दोन संचांत आलटून-पालटून ठेवले की १६ ट्रॅक गेले. वर संवाद, गाणी, पर्यायी क्यू (संगीताचे तुकडे). तिथली ३२ची मर्यादा पहिल्याच एपिसोडला भरते. स्टुडिओत ५१२ मिळतात, सगळ्यात वरची अल्टिमेट आवृत्ती मिक्सवाल्यांनी घ्यावी. लायसन्स मात्र आयलॉकच्या डोंगलवर (यूएसबी चावीवर) ठेवा. क्लाउडवर ठेवलं आणि मिक्स थिएटरात नेट गेलं, तर काम तिथेच अडतं.