गुरुजींवर हात उगारला: एसडीएमसी की पोलीस ठाणे?

कर्नाटकातल्या खानापूर, निपाणीकडच्या मराठी शाळांत विद्यार्थ्यानं गुरुजींवर हात उगारला की पहिला सल्ला ठरलेला: 'एसडीएमसीत (शाळा विकास व देखरेख समितीत) मिटवू.' पालक समोर बसतात, भाषा आपली, मुलाची शाळा सुटत नाही. पण समितीत बहुसंख्य पालकच, त्यामुळे गावकीपुढे मास्तरच एकटे पडतात. काही लेखी उरतही नाही.

ठाण्यात कागद बहुधा कन्नडात होतो, तेव्हा सही करण्याआधी वाचून घ्यावा. 'पोराचं आयुष्य बरबाद होईल' ही भीती मात्र अर्धवट. अठराखालच्या मुलाचं प्रकरण बाल न्याय मंडळाकडे जातं. गुन्हा अतिगंभीर नसेल, तर २०१६ च्या बाल न्याय नियमांनुसार सहसा एफआयआर नव्हे, डायरीत नोंद होते.

अंगावर आलेल्याला अडवण्याचा हक्क दोन्हीकडे शाबूत. भारतीय न्याय संहितेच्या कलम ३६ नुसार हल्लेखोर अजाण असला तरी तो राहतो, पण गरजेपुरताच. मुलगा शांत झाल्यावर दिलेली थप्पड म्हणजे शिक्षा, आणि ती शिक्षण हक्क कायद्याच्या कलम १७ ने बंद आहे.

शिवीगाळ, ढकलाढकलीला समिती पुरे, फक्त ठराव लिहून घ्या आणि प्रत बीईओंना (तालुक्याच्या शिक्षणाधिकाऱ्यांना) द्या. रक्त आलं किंवा हत्यार निघालं, तर सरळ ठाणं.